पेरूच्या झाडाला आठ दिवसांची मुदत

पेरूच्या झाडाला कायद्याने वागवणारा माणूस साऱ्या महाराष्ट्रात एकच आहे, आणि ते माझे सासरे आहेत. आज हे मी मान वर करून सांगते, पण लग्न होऊन गारखेड्यातल्या या घरात आले तेव्हा अभिमान वगैरे काही नव्हता, नुसती धास्ती होती. पहिल्याच मे महिन्यातली गोष्ट. सकाळची वेळ, ऊन तेवढ्यातच चटके देत होतं, आणि मी चहाचा कप घेऊन मागच्या अंगणात गेले, तर सासरे पेरूच्या झाडासमोर ताठ उभे. चष्मा नाकाच्या शेंड्यावर, हातात कागद, आणि खणखणीत आवाजात वाचन चाललेलं: "सदर झाडास याद्वारे कळविण्यात येते की, आजपासून आठ दिवसांचे आत..." मी कप तिथेच कट्ट्यावर ठेवला आणि स्वयंपाकघरात पळाले. इकडे सासऱ्यांना मामा आणि सासूबाईंना आत्या म्हणायची रीत आहे. मी म्हटलं, "आत्या, मामांना ऊन लागलंय बहुतेक." आत्या भाकरी थापत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "झाडाला नोटीस देऊ राहिले. आठ दिवसांनी कापतेत. तू चहा पी."

मामा कोर्टात बेलिफ होते. तीसेक वर्षं त्यांनी लोकांच्या दारी समन्स आणि नोटिसा पोचवल्या. बेलिफ येताना दिसला की लोक कड्या लावून घ्यायचे, घरात असलेली माणसं गावाला जायची, आणि गल्लीतली कुत्रीसुद्धा मामांना ओळखून आधीच भुंकायला लागायची. मूळ घर अजिंठ्याकडचं, शेतकऱ्याचं. लहानपणी थोरल्या भावाच्या हाताखाली पेरूची बाग राखलेली. त्यामुळे निवृत्त झाल्यावर त्यांच्याकडे दोनच गोष्टी शिल्लक होत्या: पेरूचं ज्ञान आणि कोर्टाची भाषा. त्यांनी दोन्ही एकत्र केल्या. आमच्या वसाहतीत प्रत्येक दुसऱ्या घरी पेरूचं झाड आहे, आणि आता त्यातलं एकही झाड मामांच्या कारवाईतून सुटत नाही.

कारवाई रीतसर चालते. मे महिना लागला की आधी पंचनामा. दोन पंच लागतातच, त्याशिवाय मामा झाडाच्या सावलीतही उभे राहत नाहीत. एकदा रविवारी सकाळी दुसरा पंच मिळेना, तेव्हा दूधवाल्याला धरून आणला होता आणि त्या दिवशी अर्ध्या गल्लीचा चहा दहा वाजता झाला. पंचांसमोर मामा लिहितात: "सदर झाड पूर्वाभिमुख असून उंची अंदाजे चौदा फूट. मोठ्या फांद्या एकूण सात, पैकी दोन एकमेकींच्या अंगावर गेलेल्या. एक फांदी वाळलेली, तिच्याबाबत वाद नाही." मग जी फांदी कापायची तिला लाल चिंधी, जी ठेवायची तिला पांढरी. त्यानंतर घरमालकाला नोटीस आणि आठ दिवसांची मुदत. या आठ दिवसांत ज्याला जे वाटत असेल ते त्याने मनात तयार ठेवायचं, कारण आठव्या दिवशी सकाळी सात वाजता मामा शिडीच्या दुसऱ्या पायरीवर चढून मोठ्याने विचारतात, "कुणाची हरकत?"

हरकत ऐकून घेण्यात मामांचा जेवढा वेळ जातो, तेवढ्यात दुसरा एखादा माणूस चार झाडं छाटून घरी जाऊन झोपेल. पण मामा घाई करत नाहीत. एका वर्षी डाव्या हाताला राहणारे शेजारी वाळूजच्या कारखान्यात रात्रपाळी करून आलेले, डोळे तारवटलेले, तरी हुज्जत घालत होते. एका आडव्या फांदीला त्यांनी झोका बांधला होता आणि मामांनी नेमकी तिलाच लाल चिंधी लावली होती. शेजारी म्हणाले, "मामा, ही राहू द्या ना, लेकरं रडतील." मामांनी विचारलं, "लेकरं केवढी?" "एक चौथीत, एक कॉलेजात." मामांनी फांदी हलवून बघितली आणि निकाल दिला, "चौथीतल्याकडं बघून एक वर्षाचा जामीन." त्या फांदीला आम्ही अजून जामीनवाली म्हणतो. तिला पेरू एकही आला नाही. पुढच्या वर्षी मामा तिच्याजवळ गेले तेव्हा शेजाऱ्यांनी स्वतःच करवत आणून दिली.

माझं माहेर नाशिककडचं. घरी द्राक्षाची बाग, वर्षातून दोनदा छाटणी, त्यामुळे झाडं कापण्यातलं मला कळतं अशी माझी समजूत होती. पहिल्या वर्षी मी मामांना विचारलं, "मामा, मेमध्येच का? आमच्याकडे ऑक्टोबरचीच छाटणी मोठी असते." मामांनी मला खुर्ची दिली. एवढ्यावरूनच मला कळायला हवं होतं की हे लवकर संपणार नाही. "सूनबाई, द्राक्ष ते द्राक्ष, पेरू तो पेरू. पेरू लागतो कुठं? नव्या फुटीला. जुन्या लाकडाला पेरू लागत नाय. आता, नवी फूट पावसाच्या तोंडाशी आली तर फूल येतं पावसाळ्यात अन् फळ येतं थंडीत. थंडीचा पेरू म्हंजे साखर. अन् उन्हाळ्यात आपोआप जे फूल येतं त्याचं फळ पावसात पिकतं, ते पाणचट, वर आळ्या. ते पाहुण्याला देऊ नये अन् व्याह्याला तर नायच नाय." शेवटचं वाक्य बोलताना ते माझ्याकडे का बघत होते ते मला नंतर आठवलं. लग्नाची बोलणी करायला आदल्या पावसाळ्यात आलेल्या माझ्या वडिलांनी या झाडाचा एक पेरू हौसेने चावला होता आणि उरलेला हळूच बशीआड सरकवला होता. त्या वर्षी मामांना दवाखान्यामुळे छाटणी जमली नव्हती. तो पेरू मामांच्या मनातून अजून गेलेला नाही.

छाटणीच्या आधी महिनाभर झाडाचं पाणी तोडायचं, म्हणजे ते पानं गाळून जरा विसावतं, याला ताण देणं म्हणतात. आमच्या शहरात त्यासाठी वेगळं काही करावं लागत नाही, नळालाच पाणी कधी येईल त्याचा भरवसा नसतो. मामा म्हणतात, "झाडाला अन् माणसाला एकदमच ताण." मग प्रत्यक्ष कापणं. गेल्या वर्षीच्या फांदीचा शेंड्याकडचा निम्मा भाग जातो. काप तिरपा, बाहेरच्या अंगाला बघणाऱ्या डोळ्याच्या, म्हणजे कोंबाच्या, जरासा वर, म्हणजे नवी फूट बाहेर जाते आणि कापावर पाणी थांबत नाही. बुडातून सरळसोट उठलेले फुटवे जातात, आत घुसलेल्या फांद्या जातात. एका झाडावरून दुसऱ्या झाडाकडे जाताना कात्री स्पिरिटने पुसायची. मी पॅथॉलॉजी लॅबमध्ये काम करते, तेव्हा कापूस आणि स्पिरिट हे माझं खातं. या एका बाबतीत मामा मला मान देतात. जाड कापांवर मोरचूद आणि चुन्याचा निळा लेप, आणि तो लेप जेवढा झाडावर लागतो तेवढाच मामांच्या पायजम्यावर. आत्यांनी मे महिन्याचा पायजमा वेगळाच काढून ठेवलाय.

सगळं झालं की शेवटची तपासणी. झाडाच्या मधोमध ऊन शिरलं पाहिजे, खालून आभाळ दिसलं पाहिजे, हे मामांचं म्हणणं. पण ते उभ्याने बघत नाहीत. बुंध्याशी चटई टाकून सरळ उताणे झोपतात, हात छातीवर, आणि वर बघत पडून राहतात. एकदा परक्याच अंगणात असे पडलेले असताना कुरिअर घेऊन आलेला माणूस घाबरून ओरडला होता. लोक धावत आले, कुणी कांदा आणला, कुणी पाणी. मामा डोळे न हलवता म्हणाले, "बाजूला व्हा, आभाळ झाकू राहिले." मला त्या दिवशी गल्लीत तोंड दाखवायची लाज वाटली होती. आज कुणी हसलं तर मी भांडते.

एवढ्या सगळ्या झाडांत एक झाड मात्र कितीतरी वर्षं मामांच्या कारवाईबाहेर होतं. आमच्या मागच्या गल्लीत एक निवृत्त शिक्षिका एकट्या राहतात. सगळे त्यांना बाई म्हणतात. त्यांचा पेरू आमच्या गच्चीवरून दिसतो. दुसऱ्या मजल्याच्या वर गेलेला, आत नुसता काळोख, फळं शेंड्याला चार, तीही पोपटांची. मामा रोज सकाळी गच्चीवर जायचे, त्या झाडाकडे बघायचे आणि तसेच खाली यायचे. साऱ्या वसाहतीला नोटिसा देणारा माणूस त्या गल्लीत वळतच नसे. मी आत्यांना विचारलं तेव्हा त्यांनी दाणे निवडता निवडता सांगितलं. बाईंचे यजमान लवकर गेले. दोन मुलं घेऊन त्या जुन्या शहरात भाड्याच्या खोलीत राहत होत्या. घरमालकाने दावा लावला, निकाल त्याच्या बाजूने लागला, आणि खोली खाली करण्याचा कागद घेऊन दारात गेले ते मामा. पुढे बाईंनी नोकरी करत, काटकसर करत इथे घर बांधलं. काही वर्षांनी पाठीला पाठ लावून आमचं घर झालं. बाईंनी मामांना ओळखलं आणि मामांनी बाईंना. "तवापासून त्यांच्या गेटची कडी काय आपल्यासाठी उघडली नाय," आत्या म्हणाल्या. "अन् ह्यांनी बी कधी वाजवली नाय."

गेल्या वर्षी मेच्या सुरुवातीला बाई स्वतः आमच्या फाटकाशी आल्या. आत नाही आल्या. बाहेरूनच म्हणाल्या, "बेलिफसाहेब हायत का?" मामा बनियनवरच होते, ते धावत आत जाऊन शर्ट घालून आले. बाई म्हणाल्या, "झाड म्हातारं झालं माझं. मोठा मुलगा फोनवर म्हणतो, मुळापासून काढून टाक. मला ते जमत नाय. तुमाला त्यातलं कळतं म्हणतेत सगळे. ते वाचत असंल तर वाचवा." मामा एवढंच म्हणाले, "येतो." त्या गेल्यावर मी वही पुढे केली, पंचनाम्याची. मामांनी ती बाजूला सारली. "नोटीस?" मी विचारलं. "त्यांच्या दारात म्या एकदा कागद नेलेला हाय," मामा म्हणाले. "आता परत नाय."

म्हाताऱ्या झाडाला नुसती वरवरची छाटणी पुरत नाही. त्याला कमरेएवढं ठेवून बाकी सगळं उतरवावं लागतं, म्हणजे ते पुन्हा जवान होतं. शिडी धरायला मी गेले. मामांनी आधी शेंडे उतरवले, मग जाड फांद्या, प्रत्येक फांदीला आधी खालून थोडा काप आणि मग वरून, नाहीतर पडताना ती बुंध्याची साल ओढून नेते. अकरा वाजता झाडाच्या जागी चार खुंट उरले, कमरेएवढे, निळा लेप लावलेले. बाईंच्या स्वयंपाकघरात थेट ऊन पडलं होतं. बाई व्हरांड्यात उभ्या होत्या. त्यांनी खुंटांकडे बघितलं, मग मामांकडे, आणि आत निघून गेल्या.

त्यानंतर काहीच होईना. आठ दिवस गेले, पंधरा गेले, महिना होत आला. खुंट तसेच, काठीसारखे कोरडे. गल्लीत बोलणं सुरू झालं. "बेलिफानं झाडावर बी जप्ती आणली," हे तर मी किराणा दुकानात माझ्या कानांनी ऐकलं आणि साखर न घेता परत आले. मामांचं जेवण कमी झालं. आंघोळीच्या पाण्यातली अर्धी बादली ते वेगळी काढत, सकाळी मागच्या गल्लीत जाऊन गेटबाहेर ठेवत आणि परत येत. बादली आत बाई नेत आणि रिकामी बाहेर ठेवत. दोघांत बोलणं नाही. आत्या मला हळूच म्हणाल्या, "ते झाड मेलं तर हे पुन्हा कात्री हातात धरायचे नायत." मलाही तेच वाटत होतं. हट्टी, लहरी, साऱ्या गल्लीला सकाळी सातला उठवणारा हा माणूस मला तसाच हवा होता, हे मला त्या महिन्यात कळलं.

एका संध्याकाळी मी गच्चीवर कपडे काढायला गेले तर मामा कठड्याशी बसले होते. काही विचारलं नव्हतं, तरी बोलायला लागले. "दारात कागद दिला की माणसं बोलायची, सूनबाई. लई बोलायची. साहेब, असं नाय झालेलं, साहेब, लेकरं लहान हायत, साहेब, चार महिने थांबा. मी म्हणायचो, माझ्याकडं नाय, कोर्टात सांगा. हरकत ऐकायचा अधिकारच नव्हता मला. कागद द्यायचा अन् निघायचं. बाई तर काहीच बोलल्या नव्हत्या. पोराला कडेवर घेऊन नुसत्या उभ्या होत्या." मी कपडे खांद्यावर घेऊन तशीच उभी राहिले. लाल चिंध्या, पंच, मुदत, शिडीच्या दुसऱ्या पायरीवरून विचारलेलं "कुणाची हरकत?" या सगळ्याला मी इतकी वर्षं मनातून हसत होते. त्या दिवशी मला स्वतःचा राग आला आणि त्यांच्याबद्दल इतकं भरून आलं की मी टॉवेलात तोंड लपवून खाली आले.

जूनचा दुसरा पंधरवडा असेल. सकाळी मागच्या गच्चीवरून हाक आली, मोठी, वर्गात मारतात तशी. "बेलिफसाहेब! अहो बेलिफसाहेब! फुटलं!" मामा तोंडात दात घासायचा ब्रश तसाच ठेवून, अनवाणी, पाठीमागच्या गल्लीत धावले. पंचाहत्तरीला आलेला माणूस इतका धावतो हे मी पहिल्यांदा बघितलं. परत आले तेव्हा हाताची बोटं मोजत होते. "अकरा फुटवे. एका खुंटाला चार, एकाला तीन, उरलेल्यांना दोन दोन." त्या दिवशी त्यांनी तीन भाकरी खाल्ल्या आणि आत्यांना विचारून चौथीही. मी साखर आणायला मुद्दाम त्याच दुकानात गेले आणि तिथे उभ्या असलेल्या सगळ्यांना, कुणी विचारलं नसताना, अकराचा आकडा सांगितला.

हा झाला गेल्या वर्षीचा मे. यंदाचा मे उजाडला तेव्हा मामांचा गुडघा धरला होता आणि नजरही जरा मंदावली होती. नोटिसा ते सांगत आणि मी लिहीत. साऱ्या वसाहतीत वाटून झाल्या. बाईंच्या झाडाला आता माणूसभर उंचीची नवी फूट होती, अगदी दाट, ती विरळ करायलाच हवी होती. मामा गच्चीवरून बघत, हळहळत, पण बाईंच्या नावाची नोटीस काही सांगेनात. मी दोनदा आठवण केली. दोन्ही वेळा ते ऐकू न आल्यासारखे करून उठून गेले.

तिसऱ्या दिवशी बाई फाटकाशी उभ्या. चांगली इस्त्रीची साडी, हातात छत्री, चेहरा शाळा तपासायला आल्यासारखा. मामा बाहेर आले. बाई म्हणाल्या, "गल्लीत समद्यांना नोटिसा गेल्या. मला कामून नाय आली?" "बाई, तुमच्याकडं... म्हंजे, नोटीस कशाला, सांगाल तवा येऊन..." बाईंनी त्यांना मध्येच थांबवलं. "त्या वेळचा कागद त्या वेळी गेला, बेलिफसाहेब. माझ्या झाडाची मुदत कधीपासून धरायची ते सांगा. अन् माझ्या हरकती एकाहून जास्त हायत." मामांनी मला वही आणायला खुणावलं, तर बाई म्हणाल्या, "इथं नको. घरी आणून द्या. रीतसर." आणि छत्री उघडून चालू लागल्या.

ती नोटीस मामांनी मला लिहू दिली नाही. स्वतः लिहिली. दोन कागद वाया गेले, तिसरा जमला. मग कोर्टात जाताना घालत तो पांढरा शर्ट कपाटातून काढून चढवला, भांग पाडला आणि निघाले. मी गच्चीवर पळाले. मामा गुडघा सांभाळत मागच्या गल्लीत वळले, बाईंच्या गेटसमोर उभे राहिले आणि त्यांनी कडी वाजवली. बाई आल्या. मामांनी चष्मा सारखा करून कागद पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. मला शब्द ऐकू येत नव्हते, फक्त तो खणखणीत आवाज येत होता, मध्ये एकदा अडखळलेला. बाईंनी कागद घेतला, घडी घातली आणि गेट उघडून बाजूला झाल्या. मामा लगेच आत गेले नाहीत. उन्हात तसेच उभे राहिले, मग चपला काढल्या आणि गेले. हे माझे सासरे आहेत, असं मला त्या वेळी साऱ्या गारखेड्याला ओरडून सांगावंसं वाटत होतं.

मी खाली आले. आत्या ओट्याशी पाठमोऱ्या उभ्या होत्या, गॅसवर आधण ठेवलेलं.

"आत्या, मामांचा चहा टाकू नका."

त्या वळल्या नाहीत. "आत घेतलं?" त्यांनी विचारलं.

"घेतलं."

आत्यांनी आधणातलं एक कप पाणी काढून परत हंड्यात ओतलं आणि पदराने डोळे पुसले.